खंडाच्या दिवसांची हजेरी

मी एक जुना हजेरीपट आहे, चौथीच्या वर्गाचा. कोपरे उंदरांनी कुरतडलेत, पुठ्ठ्यावर चहाचा डाग आहे. सध्या मी कोर्टाच्या बाकावर, बाईंच्या मांडीवरच्या पिशवीत आहे. 

मित्रांनो, नवा होतो तेव्हा माझा थाट काय वर्णावा! बाई दोन रंगांनी रेघा आखायच्या. कुणी आजारी पडलं तर शेऱ्यात लिहायच्या, 'ताप. घरी पोचवलं.' एवढं कुठे कुणी लिहितं?

पण बाई तात्पुरत्या होत्या. चौदा वर्षं तात्पुरत्या! नोकरी सलग दिसू नये म्हणून संस्थावाले दरवर्षी मधेच तीन दिवसांचा खंड पाडायचे. त्या दिवसांत बाईंनी कुठेही सही करायची नाही, असा दंडक. आणि बाई? तरीही शिकवायला यायच्या! "मुलं काय वाऱ्यावर सोडू?" म्हणायच्या. माझे रकाने स्वतः भरायच्या आणि सहीसाठी शेजारच्या वर्गातल्या कायम बाईंना गाठायच्या. "ताई, तेवढी सही ठोका ना." ताई हसत ठोकायच्या.

आता 'मला कायम करा' म्हणून बाई कोर्टात आल्यात. हरल्या तर दुसरीकडे अर्ज करायचं वयही उरलेलं नाही. वकील म्हणाले, "खंडात शिकवलंत याचा कागद आणा." बाकीचे हजेरीपट रद्दीत गेले होते. माळ्यावर मी एकटा सापडलो. बाईंनी मला छातीशी धरलं.

वकिलांनी पान उघडलं आणि कपाळावर हात मारला. "अहो, सही दुसऱ्यांची! हा तर संस्थेच्याच पथ्यावर पडणार."

बाई तशाच ताईंकडे धावल्या. ताई आता मुख्याध्यापिका आहेत. "ताई, खरं तेवढंच सांगा." ताईंनी माझं पान उघडून स्वतःची सही पाहिली. मग म्हणाल्या, "न शिकवता सही केली म्हणू? तुझं घर सावरायला माझ्या घराला काडी लावू का गं?" आणि मला मिटून परत दिलं.

त्यांना तरी काय बोल लावू? कागद खोटं बोलत नाही म्हणतात. मी तीन दिवस बोललो.

आज शेवटची तारीख. शिपायानं बाईंच्या नावाचा पुकारा केलाय. त्या उठल्या, पदर सावरला, पुन्हा बसल्या, पुन्हा उठल्या.

मित्रांनो, माझ्यासारखे म्हातारे 'वह्या-पुस्तकं जपा' असं सांगून निरोप घेतात. मला तेवढी सवड नाही. त्या तीन रकान्यांत तुम्ही बेचाळीस जण आहात. आता मोठे झाला असाल, कुणाला मिशाही फुटल्या असतील. पण भागाकार कुणी शिकवला, फुटलेला गुडघा कुणी धुतला, हे विसरला नसाल ना? माझ्यावर विसंबू नका, माझ्या अंगावर भलतीच सही आहे. बेचाळीसही नकोत. एकानं तरी या, आणि साहेबांसमोर सांगा, त्या दिवशी वर्गात आमच्या बाई होत्या.