जतन केलेला मल्लिनाथ

माझा भाऊ मल्लिनाथ पुण्यात राहतो, आणि रोज सकाळी सव्वासहाला सोलापुरात माझ्या घरी, संगणकासमोरच्या खुर्चीत असतो. तो येत नाही, असतो. सहा चौदाला खुर्ची रिकामी असते आणि सव्वासहाला तिच्यात मल्लू असतो. अंगात निळा चौकड्यांचा शर्ट, उजव्या अंगठ्याला चिकटपट्टी, खिशात सतरा जानेवारीचं बसचं तिकीट.

गड्ड्याच्या जत्रेला तो चार दिवस आला होता. सतरा जानेवारीला सकाळची बस पकडायची होती, पण पहाटेच उठून तो गेम खेळत बसला. वाळवंटातून पाणी शोधत जायचं, एवढाच तो गेम. वाटेत विहीर लागली की तिथं खेळ जतन करता येतो. नंतर तहानेनं मेलं तरी पुन्हा त्याच विहिरीपाशी उभं राहता येतं. सव्वासहाला त्यानं खेळ जतन केला, संगणक बंद केला, माझ्या पाया पडला आणि गेला. अठरा जानेवारीला सव्वासहाला मी चहा घेऊन बाहेरच्या खोलीत आले तेव्हा तो खुर्चीत होता.

"अक्का," तो म्हणाला, "मी पुण्यात झोपलो होतो की."

मी त्याला चहा दिला. दुसरा कप करून मी माझा घेतला.

पुढं ते रोजचं झालं. चहा पिऊन तो स्टँडवर जायचा आणि साडेअकरापर्यंत पुण्यात पोचायचा. नोकरी एका छापखान्यात होती, तिथं त्यानं दुपारची पाळी मागून घेतली. घरी जाऊन जेवायचा, बायकोशी, सुवर्णाशी बोलायचा, झोपायचा. तिनं एकदा त्याला झोपूच दिलं नाही. सव्वासहाला त्याच्या हातातला कप खाली पडला, एवढंच झालं. सोबत काही आणता यायचं नाही. फोन पुण्यातच उशाखाली राहायचा. सुवर्णानं त्याच्या तळहातावर पेननं स्वतःचं नाव लिहून पाहिलं. इकडं आला तेव्हा तळहात कोरा होता. अंगठ्याची जखम रोज भरत यायची आणि रोज सकाळी ताजी व्हायची.

तो दिसला की मी सुवर्णाला फोन करायची.

"आला."

"बरं," ती म्हणायची.

फेब्रुवारीत तिला दिवस गेल्याचं कळलं.

मी एका कॉलेजात रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेत सहायक आहे. लग्न केलं नाही. आई गेली तेव्हा मल्लू नऊ वर्षांचा होता, मी बावीसची. त्याला मी वाढवलं, शिकवलं आणि पुण्याला पाठवलं. तो गेल्यावर तीन वर्षं मी सकाळी एकाच कपाचा चहा करत होते. जानेवारीपासून दोन कप करायला लागले. तो सहा पंचावन्नला निघायचा. चाळीस मिनिटं तो माझ्यासमोर बसलेला असायचा. कडक भाकरी शेंगाच्या चटणीशी खायचा, सुवर्णाच्या तक्रारी सांगायचा, कधी नुसताच जांभया द्यायचा. मला याहून जास्त काही नको होतं.

मे महिन्यात तो म्हणाला, "अक्का, तो गेम काढून टाक. मुळापासून. मला हात लावता येत नाही, माऊस माझ्या हाताखाली हलतच नाही. तूच काढ."

त्याच दुपारी मी संगणक सुरू केला आणि गेम काढायला घेतला. हिरवी पट्टी डावीकडून उजवीकडं भरत गेली. शेवटी प्रश्न आला: जतन केलेला खेळ ठेवायचा का? खाली दोन चौकोन होते. मी 'ठेवा'वर दाबलं.

दुसऱ्या दिवशी सव्वासहाला तो खुर्चीत होता.

"सगळं काढलंस ना?"

"सगळं," मी म्हणाले.

त्यानं चहा घेतला. त्या दिवशी तो साडेसहालाच निघून गेला.

ऑगस्टमध्ये छापखान्यानं त्याला कामावरून काढलं. पावसात बस रखडायच्या; दुपारी दोनची पाळी, आणि हा कधी अडीचला पोचायचा, कधी तीनला. सुवर्णाला सातवा लागला होता. तिचं रक्त कमी होतं, पाय सुजायचे. डॉक्टर म्हणाले, बाळंतपण अवघड आहे, घरचं माणूस जवळ पाहिजे. सुवर्णानं मला फोन केला.

"अक्का, बाळ पहाटे झालं तर?"

मी गॅस बारीक केला.

"सव्वासहाच्या आधी झालं तर हे बघतील, नंतर झालं तर दुपारी बघतील. ते चालेल मला. पण मधेच काही झालं, यांनी माझा हात धरलेला असला, तर मी काय धरायचं?"

"बघते," मी म्हणाले.

त्या संध्याकाळी मी जतन केलेल्या खेळांची जागा शोधली. ती सरळ दिसत नव्हती, लपवलेले कप्पे उघडावे लागले. इंटरनेटवर त्याची आणखी एक प्रत होती, ती आधी बंद करावी लागली, नाहीतर काढलेलं परत उतरतं. आत तारखांची यादी होती. सगळ्यांत वर सतरा जानेवारी, सहा पंधरा. खाली आणखी आठ तारखा होत्या, जुन्या जुन्या होत गेलेल्या. मी फक्त वरची एक काढली. कचरापेटीतही राहणार नाही अशी, कायमची. बाकीच्या आठ मी तशाच ठेवल्या. का ठेवल्या ते त्या वेळी मी स्वतःला विचारलं नाही.

सकाळी सव्वासहाला मल्लू खुर्चीत होता. त्याचा उजवा पाय मांडीपर्यंत प्लास्टरमध्ये होता.

मी प्लास्टर ओळखलं. सहा वर्षांपूर्वी तो होटगी रस्त्यावर मोटरसायकलवरून पडला होता. दोन महिने घरी होता आणि खेळत होता. प्लास्टरवर त्याच्या मित्रांच्या सह्या होत्या, त्याही तशाच होत्या.

"अक्का, हे काय केलंस?"

"एक काढली," मी म्हणाले.

"म्हणजे त्या होत्याच."

"होत्या."

मग त्यानं स्वतःचा डावा हात वर केला आणि बोटं पसरली. बोटात अंगठी नव्हती. सहा वर्षांपूर्वी त्याचं लग्न झालेलं नव्हतं.

त्या दिवशी त्याला बसमध्ये चढता येईना. शेजारच्या कोळींनी त्यांच्या गाडीतून त्याला पुण्याला सोडलं. पोचायला चार वाजले. सुवर्णानं आधी प्लास्टरकडं पाहिलं नाही म्हणे. आधी बोटाकडं पाहिलं.

मी घाबरले होते. घाबरलेलं माणूस करतं तेच मी केलं. त्याचा पाय मोकळा व्हावा म्हणून प्लास्टरवाली तारीखही काढली. तिच्या खालच्या तारखेला काय होतं ते मला आठवायला हवं होतं. मल्लू बरा असला की कधी खेळायचा नाही. बरा असला की तो मैदानावर असायचा, मित्रांकडं असायचा, कुठंही असायचा. तो खेळायचा ते आजारपणात. त्या यादीतली प्रत्येक तारीख म्हणजे त्याचं एकेक दुखणं होतं.

सकाळी सव्वासहाला खुर्चीत वीस वर्षांचा मल्लू होता. डोळे हळदीसारखे पिवळे, ओठ कोरडे, अंगावर माझी जुनी शाल. इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला असताना झालेली कावीळ. त्याला मान धरवत नव्हती. त्याला आठवत मात्र सगळं होतं.

"सुवर्णाला सांग, आज येत नाही," तो म्हणाला.

दुपारी एकला सुवर्णा आली. तिचा भाऊ तिला दारात सोडून गाडी लावायला गेला तो संध्याकाळपर्यंत वर आला नाही. सातवा महिना लागलेली सुवर्णा जिना चढून आली, पाणी प्यायली आणि खुर्चीसमोर उभी राहिली. तिनं आधी कधी या वयाचा मल्लू पाहिला नव्हता.

"हे किती वर्षांचे आहेत?"

"वीस," मी म्हणाले.

"मला एकोणतीस चालू आहे." ती हळूच कॉटवर बसली. "मिशीसुद्धा धड नाही यांना."

मल्लू हसला. त्याचे दात पिवळ्या चेहऱ्यात फार पांढरे दिसले.

मी तिच्यासमोर फरशीवर बसले आणि सांगितलं. मे महिन्यात प्रश्न आला होता. दोन चौकोन होते. मी 'ठेवा'वर दाबलं.

"चुकून?" सुवर्णानं विचारलं.

"नाही."

तिनं पदरानं मानेवरचा घाम पुसला. ती ओरडेल असं मला वाटत होतं. ओरडली असती तर बरं झालं असतं.

"सात महिने मी रोज सकाळी गादीवर हात ठेवून बसते, अक्का," ती म्हणाली. "गादी गरम असते. गार होईपर्यंत मी उठत नाही. तुम्हाला हवा होता तर तुम्ही आमच्याकडं येऊन राहायचंत. मी नाही म्हटलं असतं का?"

हे मला कधी सुचलंच नव्हतं.

"किती राहिल्यात?" मल्लूनं विचारलं.

"सात."

"वाच."

मी सगळ्या वाचल्या. पहिली कावीळ, ज्यात तो आत्ता होता. तिच्याखाली टायफॉइड. कांजिण्या. मग दोन, ज्या मला ओळखता आल्या नाहीत. मग आई गेल्यानंतरचा आठवडा, जेव्हा तो तापानं फणफणला होता. त्या वेळी आमच्याकडं संगणक नव्हता. तरी तारीख होती. सर्वांत खालच्या ओळीत तारीख नव्हती, नुसती वेळ होती, सहा पंधरा.

"सगळ्या काढ," मल्लू म्हणाला.

"मग तू कुठं असशील?"

"जिथं असेन तिथं असेन की. बाकीची माणसं असतात तसा."

मी सातही ओळी एकदम निवडल्या आणि कायमच्या काढायला सांगितलं. पडद्यावर पाटी आली: ही फाइल वापरात आहे, बंद करून पुन्हा प्रयत्न करा.

"कोण वापरतंय?" सुवर्णानं विचारलं. "गेम तर मे महिन्यातच गेला ना?"

आम्ही दोघींनी मल्लूकडं पाहिलं.

"मीच असणार," तो म्हणाला.

त्यानं खुर्चीच्या हातांवर जोर दिला. पहिल्यांदा उठता आलं नाही. सुवर्णा एका बाजूनं गेली, मी दुसऱ्या. त्याचं अंग तापलेल्या तव्यासारखं होतं आणि वजन काहीच नव्हतं. आम्ही त्याला कॉटवर निजवलं. मी परत संगणकापाशी आले तेव्हा पाटी गेली होती. मी दाबलं. हिरवी पट्टी डावीकडून उजवीकडं भरली, आणि कप्पा रिकामा झाला. मी तो रिकामा कप्पाही काढून टाकला.

मल्लूला झोप लागली होती. तो संध्याकाळी उठला नाही, जेवायला उठला नाही. सुवर्णा त्याच्या शेजारी खुर्ची ओढून बसली. तिला मी दुसऱ्या खोलीत झोप म्हणाले. तिनं नाही म्हटलं.

सकाळी सहा चौदाला तिनं दोन्ही हातांनी त्याचा हात धरला. मी भिंतीवरच्या घड्याळाखाली उभी होते. सव्वासहा झाले. सहा सोळा झाले. मल्लू कॉटवरच होता. श्वास शांत होता, ताप उतरला होता. सुवर्णानं अंगठ्यानं त्याची पापणी वर करून पाहिली. डोळा पांढरा होता.

ती मोठ्यानं हसली, मग रडली, मग पोटावर हात ठेवून म्हणाली, "लाथा मारतंय." मी तिच्या डोक्यावरून हात फिरवला. तिनं फिरवू दिला. मी आत जाऊन तीन कप चहा टाकला.

चहा घेऊन आले तेव्हा त्याला मिशी आली होती. सुवर्णा बघत होती. मिशी जाड झाली, तीत दाढी मिसळली, खांदे शर्टात भरले. हनुवटीवर एक खूण उमटली, मोटरसायकलवरून पडला होता तेव्हाची. अडकून पडलेली वर्षं उतरत होती, त्यात आश्चर्य वाटण्यासारखं काही नव्हतं. अकरा वर्षं होती, आणि ती कुठंतरी जाणारच होती.

"एकतीसला थांबेल," मी म्हणाले.

"हो," सुवर्णा म्हणाली.

पावणेसातला दाढी छातीपर्यंत आली. नखं वळायला लागली. सुवर्णानं माझ्या शिवणाच्या डब्यातली कात्री मागितली. ती कापत होती आणि मी खाली पसरलेल्या वर्तमानपत्रावरून केस गोळा करून सुपात भरत होते. कापलेल्या जागी लगेच नवे यायचे. मला तिच्या हातांचा वेग आवडला. घाई नव्हती, थांबणंही नव्हतं.

सात दहाला तो एकतीसचा झाला. मला नक्की कळलं, कारण तो तसाच दिसत होता, जानेवारीत माझ्या पाया पडला होता तसा. सुवर्णानंही ओळखलं. तिनं कात्री खाली ठेवली आणि त्याच्या गालावर हात ठेवला.

"अहो," ती म्हणाली. "उठा आता."

तो झोपलेलाच राहिला. तिच्या बोटांमधून दाढी पुढं येत होती. तिनं हात काढला, एक केस चिमटीत धरून उजेडाकडं नेला, आणि मला दाखवला. तो मुळापासून टोकापर्यंत पांढरा होता.

"अक्का, थांबेल ना?"

तिनं कात्री उचलली होती. एक हात पोटावर होता, दुसऱ्यानं ती कापत होती. सूप काठोकाठ भरलं होतं. मी दुसरं आणायला उठले.