जाते की येते

किल्ल्यातल्या रक्तपिपासू मालकिणीला आवाज देता देता बाईंचा घसा पार कामातून गेला होता. त्या भुताटकीच्या व्हिडिओ गेमचे मराठीत भागावर भाग निघत होते आणि प्रत्येक भागात किंचाळ्या. रेकॉर्डिंगनंतर घरी खुणांवर संसार चालायचा. "इतकी शांतता लग्नानंतर पहिल्यांदाच," असं नवरा म्हणायचा. डॉक्टरांनी मात्र निक्षून सांगितलं होतं, आता पुरे, नाहीतर बोलणंच बंद होईल. शेवटी पुढच्या भागासाठी दुसरा आवाज शोधायला दिग्दर्शक कसाबसा तयार झाला. आज या भागातलं शेवटचं वाक्य झालं, की बाई सुटल्या.

वाक्य तरी केवढं! कोसळत्या किल्ल्याच्या दारात मालकीण वळून म्हणते, "जाते मी."

रेकॉर्डिंगच्या खोलीला खिडकी नव्हती. भिंतींना जाड गाद्या. दार लागलं, की आपलाच श्वास कानात बसायचा. बाईंनी हेडफोन चढवला आणि इंग्रजी वाक्य ऐकलं. त्यातल्या नटीने शब्द इतका जड टाकला होता, की जणू थडग्यावर शिळाच सरकवली. बाईंनीही तसंच म्हटलं.

"ओके!" काचेपलीकडून दिग्दर्शक म्हणाला. "सुटलात, बाई."

बाईंनी पर्स उचललीसुद्धा. पण डोक्यातला किडा स्वस्थ बसेल तर ना! मूळ गेम जपानी होता.

"जपानीत कसं म्हटलंय हो?"

"कशाला उगाच? आपलं भाषांतर इंग्रजीवरून आहे."

"ऐकवा तर."

जपानी नटी सहज बोलली होती, किंचित घाईत. कोपऱ्यावरून दूध आणायला निघालेली बाई चपला सरकवताना बोलते, तसं. बाईंच्या अंगावर सर्रकन काटा आला.

"अर्थ काय गं याचा?"

दिग्दर्शकाशेजारी बसलेली भाषांतर करणारी मुलगी फोनमध्ये शोधून म्हणाली, "शब्दशः... 'जाऊन येते'. घरातून निघताना म्हणतात." मग ती ओशाळली. "इंग्रजीत नुसता निरोप होता हो."

"अगं, मग आपल्याकडे शब्द आयता आहे की! दारातून निघताना 'जाते' कोण म्हणतं?"

खरं तर गप्प बसून निघून जायचं होतं. दार हाताच्या अंतरावर होतं. पण चुकीचं वाक्य मागे टाकून जाणं बाईंच्या जिवावर आलं. स्वतःवरच चरफडत त्या माइकपाशी परतल्या.

"येते हं," त्या म्हणाल्या.

दिग्दर्शक काचेपलीकडून धावतच आत आला.

"बाई, काय बोललात! आता दुसरा आवाज शोधणं बंद. ही मालकीण तुमचीच. पुढचा भाग करताय ना?"

"नाही!"

किती वर्षांचा संताप होता त्यात. फाटका, खोल, घोगरा. तो ऐकून बाई स्वतःच दचकल्या.

दिग्दर्शकाने खूश होऊन टाळी वाजवली. "अगदी तीच!" मग काचेकडे वळून ओरडला, "घेतलंस ना हे?"

"घेतलं," ध्वनिमुद्रक म्हणाला.