विलायती बाटलीतली चटणी

हिंगोली स्टेशनामागच्या रेल्वे बंगल्यावर दस्तगीर खानसामा होता, आणि तिथं उतरणाऱ्या क्रॉली साहेबाचा सगळा जीव एका तपकिरी सॉसच्या बाटलीत होता. दर हिवाळ्यात रूळ-पूल तपासायला साहेब यायचा, भाजलेल्या मटणावर ती बाटली उपडी करायचा आणि पोट भरल्यावरच माणसात यायचा. दस्तगीरनं कितीही जीव ओतून मटण भाजलेलं असो, कौतुक बाटलीचं. मी असतो तर असल्या माणसाला पिठलं वाढून मोकळा झालो असतो.

मग लढाई पेटली आणि विलायतेचा माल यायचा बंद झाला. शेवटच्या बाटलीचं बूड ठोकता ठोकता साहेबानं सांगून टाकलं, की पुढच्या खेपेला टेबलावर सॉस नसेल तर तो सिकंदराबादेहून दुसरा खानसामा आणेल. म्हणजे दस्तगीरची नोकरीही गेली आणि बंगल्यामागची राहती खोलीही गेली.

दस्तगीरनं रिकामी बाटली बायकोपुढं ठेवली. "अस्संच बनवायचं."

"चव कशी असती?" मदीनाबीनं विचारलं.

"मला काय ठावं? त्यात काय हलाल, काय हराम, अल्लालाच ठावं. म्या कधी बोटबी लावलं न्हाई."

इतकी वर्षं वाढलेली वस्तू या शहाण्यानं चाखलीच नव्हती. आता सगळा कारभार वासावर. त्यानं बाटली हुंगली आणि म्हणाला, सिरका. मदीनाबीला खजुराचा वास आला. शेजारच्या सत्यभामाबाई शेळीचं दूध घेऊन आल्या होत्या. त्यांनी बाटलीत जवळजवळ नाकच घातलं.

"चिंच हाय," त्या म्हणाल्या. "आन् कांदा करपलाय कोनाचा तरी."

मग चिंच, खजूर, सिरका, मिरी आणि मुद्दाम करपवलेला कांदा चुलीवर रटरटू लागला. तेवढ्यात मदीनाबीनं डब्यातून चिमूट नव्हे, चांगली मूठभर हळद टाकली.

"हळद काहून घातली?" दस्तगीर कपाळाला हात लावून म्हणाला.

"हात गेला," ती म्हणाली. हिंगोलीच्या बाईचा हात चुलीपाशी गेला की तो हळदीच्या डब्यात जाणारच, त्याला ती तरी काय करणार? शेवटी गूळ काळा होईस्तोवर जाळून त्यात ओतला, तेव्हा कुठं रंग जमला.

साहेब आला. दस्तगीर पडद्याआड उभा राहून देवाचं नाव घेत होता. साहेबानं चटणी ओतली, घास घेतला, थांबला. मग पुन्हा ओतली. त्याची झुपकेदार पांढरी मिशी ताटात बुडायची तेवढी बाकी होती. दस्तगीरला रडूच आलं, इतकं बरं वाटलं त्याला.

सकाळी साहेबाची मिशी झेंडूसारखी पिवळी झाली होती. त्यानं साबणानं घासघासून धुतली, आणि हळदीला साबण लागताच मिशीचे शेंडे लाल झाले. तसाच तणतणत तो रुळावर गेला. ट्रॉली ढकलणाऱ्या गँगचा मुकादम मसाजी होता. त्यानं साहेबाकडं नीट पाहिलं आणि ट्रॉलीला टेकून खालीच बसला.

"आज ट्रॉली न्हाई जानार, साहेब."

"क्यों?"

"हळद लागल्यावर शीव वलांडत न्हाईत. सिग्नलच्या म्होरं शीव लागती. नवरदेवाला काई झालं तर आमी कोनाला तोंड दावावं?"

पन्नाशी उलटलेला साहेब सडाफटिंग होता. त्यानं आरडाओरडा केला, पण गँग हलेना. बिचाऱ्यांना त्याची खरोखरच काळजी वाटत होती. तासाभरात सत्यभामाबाई बायका घेऊन बंगल्यावर हजर झाल्या. त्यांनी व्हरांड्यात आंब्याचे टाहाळे बांधले, साहेबाला पाटावर बसवलं आणि हळदीची गाणी सुरू केली. कुणी नारळ आणला, कुणी गुळाचा खडा. साहेब आधी ओरडत होता, मग नुसता बघत होता. नवरी कुठली म्हणून बायकांनी विचारल्यावर तर तो लाजला. दस्तगीरनं त्याला लाजताना जन्मात पाहिलं नव्हतं.

संध्याकाळी साहेबाची हाक आली. दस्तगीरनं टेबलावर मटण आणि बाटली ठेवली. त्यानं सगळं कबूल केलं.

"घर का बनाया है, साब. हल्दी गलती से पड़ गई. कल सामान बांध लूँ?"

साहेबानं व्हरांड्यातल्या टाहाळ्यांकडं पाहिलं.

"सिकंदराबाद का खानसामा बहुत अच्छा है," तो म्हणाला. दस्तगीरनं मान खाली घातली. "मगर उसने हमको कभी दूल्हा नहीं बनाया."

मग त्यानं बाटली पुढं ओढली, मटणावर पालथी केली आणि चांगली मिशी बुडवून पहिला घास घेतला.

"मसाजी को बोलो," तो म्हणाला, "कल भी ट्रॉली बंद."