वयापेक्षा मोठा

आमच्या मालनला एक कला भारी येते. माणसाची तारीफ. कोणाची चौकशी करायला कोणी दारात आलं की ही आधी पोहे टाकणार, आणि मग त्या माणसाला असं सजवून सांगणार की ऐकणाऱ्याला वाटावं, आजच साखरपुडा उरकून टाकू. चारकोपला आमच्या सेक्टरमधली कितीतरी लग्नं हिच्या जिभेवर जमली. पासपोर्टच्या चौकशीला पोलीस आला तरी तेच. तर रेवती मॅडम आल्या तेव्हाही हिने कांदाच चिरायला घेतला. मीही टेम्पोची चावी खिशात टाकली आणि परत खाली बसलो. तिथेच वाट लागली.

रेवती मॅडम म्हणजे प्रोबेशन ऑफिसर. यज्ञेशबद्दल विचारायला आलेल्या.

यज्ञेश मालनच्या बहिणीचा पोरगा. बहीण वारली, बाप तिकडे कुडाळला दुसरं लग्न करून बसला, आणि पोरगं बालवाडीपासून आमच्याकडे. आम्हाला मूल नाही. सतरा वर्षांचा झाला, मिशी फुटली. माझी स्कूटर न्यायला लागला. लायसन नव्हतं, पण चावी मीच द्यायचो, भाजी आणायला म्हणून. एका दुपारी ती स्कूटर इंडस्ट्रियल इस्टेटच्या मागच्या रस्त्याला गेली. चालवत हा, मागे नितेश. नितेश चांगला बावीसचा घोडा, पॅकिंगच्या गाळ्यात कामाला. रस्त्याच्या कडेने एक माणूस फोनवर बोलत चाललेला. नितेशने फोन खेचला. माणसाने सोडला नाही. तर नितेशने खोकी फाडायचा कटर त्याच्या हातावर चालवला. शिरा कापल्या.

संध्याकाळपर्यंत दोघांना पकडलं. नितेश मोठ्यांच्या जेलात, आमचा रिमांड होममध्ये. बेल मिळाली नाही. बाहेर आला तर परत तीच संगत लागेल, म्हणाले.

तर मॅडम बसल्या. कागद काढला. विचारलं, "घरात कसा वागतो?"

"सोन्यासारखा," मालन म्हणाली. "घ्या ना, लिंबू पिळू का?"

"नको, बस. मावशी, त्याला बरंवाईट कळतं का? म्हणजे आपण काय करतोय, त्याचं पुढे काय होईल, हे समजतं?"

"समजतं म्हणजे? अहो मॅडम, गॅस तो बुक करतो. बँकेत माझ्याबरोबर तो येतो. लाईट बिलात काय चुकलं ते त्याला कळतं, ह्यांना नाही कळत. वयापेक्षा मोठा आहे माझा पोरगा."

"माझ्यापेक्षा पण," मी म्हणालो, आणि हसलो. मॅडम पण हसल्या. आणि लिहिलं.

"रागीट आहे? कोणी सांगितलं म्हणून काही करेल असा?"

"छे गं बाई. कोणाचं ऐकणाऱ्यातला नाही तो. स्वतःच्या डोक्याने चालतो. दहा वेळा विचार करणार, मग पाऊल टाकणार."

मॅडम एक मिनिट तिच्याकडे बघत राहिल्या. "मावशी, नक्की असंच सांगायचंय ना?"

"खोटं कशाला बोलू? शेजारी विचारा."

शेजारी विचारलं. शेजारच्या उत्तराताईंनी पण तेच सांगितलं, फक्त पोहे नव्हते. मॅडम जाताना मालन दारापर्यंत गेली. परत आली ती खूश. म्हणाली, "बाई चांगली आहे. सगळं लिहून घेतलंन. आता सोडतील बघा."

पुढच्या आठवड्यात वकिलाने बोलावलं. अनिरुद्ध त्याचं नाव, सरकारकडून फुकट मिळालेला, कोवळा पोरगा, पण काम मन लावून करणारा. त्याने रिपोर्ट समोर ठेवला आणि कपाळाला हात लावला.

"काकी, हे तुम्ही बोललात? 'स्वतःच्या डोक्याने चालतो, दहा वेळा विचार करतो'?"

"हो. का रे, वाईट आहे काय?"

"लग्न ठरवायचं असतं तर झकास होतं." मग त्याला आमच्या तोंडांकडे बघून वाईट वाटलं असावं. पाणी दिलं, नीट समजावलं. म्हणाला, "हा गुन्हा मोठ्यातला धरतात. कमीत कमी सात वर्षं. पोरगा सोळाच्या वरचा असला की बाल न्याय बोर्ड आधी एकच बघतं. ह्याला त्या वेळी मोठ्या माणसासारखं कळत होतं का? कळत होतं वाटलं, तर केस दिंडोशीला, कोर्टात, मोठ्यांसारखी. नाही वाटलं, तर बोर्डाकडेच राहणार. जास्तीत जास्त तीन वर्षं सुधारगृह, आणि पुढे नोकरीला डाग नाही. आता तुम्हीच सांगता, वयापेक्षा मोठा."

रिक्षाने घरी आलो. मालनने चहा टाकला आणि साखर घालायची विसरली. मी म्हणालो, "अगं, मी पण बोललोच ना."

"तुमी गप ऱ्हवा," ती म्हणाली. "तुमचं त्यांनी लिहिलंन नाही. माझं लिहिलंन."

खरं होतं ते. माझं हसण्यावारी गेलं.

अनिरुद्धने बोर्डाकडे अर्ज केला, मावशीला दोन शब्द सांगायचेत म्हणून. तारीख मिळाली. तोवर मालन रोज तयारी करायची. पोराचं काहीतरी वाईट आठवायचं. भांडी घासताना थांबून म्हणायची, "तो गणिताला नापास झाला होता, नाही?"

"पास झाला होता. नापास मी झालो होतो."

"मग काय सांगू मी तिथे?"

आयुष्यभर लोकांची पोरं चांगली करून सांगितली, आणि स्वतःच्या पोराचं वाईट सापडेना. मी आपला स्कूटर पुसत बसायचो. पोलिसांनी ती परत दिलेली. मला तिच्यावर बसवत नव्हतं.

बोर्ड म्हणजे कोर्टासारखं नसतं. साधी खोली, टेबल, मध्ये मॅजिस्ट्रेट मॅडम, बाजूला दोघं मेंबर. पोलीस पण साध्या कपड्यात. दारात शिपाई. यज्ञेशला आणलं. केस बारीक कापलेले, मान लांब दिसत होती. आमच्याकडे बघून जरा हसला.

मॅडम मालनला म्हणाल्या, "बोला, घाबरू नका."

मालन उभी राहिली. "मॅडम, मी आधी सांगितलं ते उगाच. आमच्यात कोणी विचारायला आलं की चांगलंच सांगतात. तो बावळट आहे. त्याला काही कळत नाही. कोणी चल म्हटलं की चालला. नितेशने मैदानात फुटबॉल टीममध्ये घेतलंन, तर त्याचे बूटसुद्धा हा पुसून द्यायचा."

यज्ञेशचं हसू गेलं. मॅडम लिहीत होत्या, पण हात सावकाश चालत होता. मालनला वाटलं, पुरत नाहीये. मी बाजूलाच होतो, मला तिचा श्वास ऐकू येत होता. आणि ती बोलून गेली.

"बारा वर्षांचा होईस्तोवर अंथरुणात मुतायचा, मॅडम. आई गेल्यापासून. गादी मी गच्चीत वाळत घालायची, आणि लोकांना सांगायची पाणी सांडलं. एवढा लहान आहे तो."

दारातला शिपाई खाली बघायला लागला. पोराचे कान लाल, मान पार छातीत गेली.

मॅजिस्ट्रेट मॅडमने पेन खाली ठेवलं. "यज्ञेश, पाणी पी. मला एवढंच सांग. नितेशने कटर चालवला, मग तू काय केलंस?"

"गाडी पळवली."

"का?"

"नितेश ओरडला, चल."

"त्या माणसाचा विचार आला मनात?"

अनिरुद्ध बघतोय, मालन बघतेय. नाही म्हण, मी मनात म्हणत होतो. नाही म्हण रे.

"आला. आरशात दिसला तो. रस्त्यात बसला होता, हात धरून."

"मग?"

"मग मी आरसा फिरवला."

अनिरुद्धने डोळे मिटले. मला वाटलं, गेलं सगळं, दिंडोशी.

बाहेर पॅसेजमध्ये दोन मिनिटं भेटू दिलं. मालन त्याच्या डोक्यावरून हात फिरवायला गेली, तर त्याने डोकं मागे घेतलं.

"मावशी, ते कशाला सांगितलंस? शिपाई ऐकत होता. तोच आम्हाला व्हॅनमधून नेतो. आत पोरांना कळलं ना, तर संपलो मी."

"चुकलं बाळा. तुला वाचवायला..."

"दुसरं काहीतरी सांगायचंस ना."

पुढच्या तारखेला निकाल झाला. केस बोर्डाकडेच राहिली. दिंडोशी टळलं. अनिरुद्ध जिना उतरताना सांगत होता, "त्या आरशाने वाचवलं काका. मॅडमचं म्हणणं, मोठ्या माणसाने हे लपवलं असतं, आणि लपवायचं सुचलं नाही तो पोरच. डॉक्टरचा रिपोर्ट पण तसाच होता."

मालन पायरीवर थांबली. "म्हणजे मी जे बोलले, ते कामाला आलंच नाही?"

"तसं नाही काकी, सगळंच थोडं थोडं..." पण पोरगा सरळ आहे, त्याला खोटं जमेना. तो पुढे निघून गेला.

मग मुलाकतीचा दिवस आला. मालनने बेसनाचे लाडू केले होते, आत नेऊ दिले नाहीत. यज्ञेश आला, समोर बसला, माझ्याशी बोलला. जेवण कसं, क्रिकेट असतं का, सुतारकाम शिकवतात, असं. कोणी चिडवतं का, हे मी विचारलं नाही. त्याने सांगितलं नाही. मालनकडे बघत नव्हता, आणि ती फक्त त्याच्याकडे बघत होती.

उठायची वेळ झाली तेव्हा तिला म्हणाला, "मावशी, त्या माणसाचा हात कसा आहे?"

मालनने माझ्याकडे बघितलं. मी तिच्याकडे. माणसाचं नाव चंद्रप्रकाश, एवढं आम्हाला माहीत होतं, ते पण कागदावर होतं म्हणून. इस्टेटमध्येच लेथ मशीनवर कामाला होता तो, आमच्या घरापासून चालत जाण्याइतकं जवळ. वकिलाला आम्ही सगळं विचारलं होतं. कलम, तारीख, मॅडम कडक आहेत का नरम. हे कोणी विचारलंच नव्हतं.

"बरा असेल रे," मालन म्हणाली.

"असेल म्हणजे? बघितलास का?"

तिने मान हलवली, नाही म्हणून. ह्या वेळी तिने काही चांगलं करून सांगितलं नाही.

"जा ना मग," तो म्हणाला, आणि आत गेला.

आम्ही अजून गेलो नाही. रोज म्हणतो, आज जाऊ. मालन पदर खोचते, मी चप्पल घालतो. कोपऱ्यापर्यंत जातो. तिथून चंद्रप्रकाशच्या गाळ्याचा पत्रा दिसतो, लेथचा आवाज येतो. कोण चालवत असेल ते इतक्या लांबून कळत नाही. काल ती म्हणाली, "तिथे जाऊन बोलायचं काय हो?"

मला पण माहीत नाही. पण आज तिने पोहे केले नाहीत, लाडू बांधून घेतले नाहीत. रिकाम्या हातानेच दारात उभी आहे, माझी वाट बघत.