विमलताईंचं एक वाक्य

विमलताईंना जन्मात पहिल्यांदा नाटकात काम मिळालं, तेही नोकरीचा शेवटचा महिना उरला असताना. महागावकडच्या आरोग्य केंद्रात त्या नर्स. तिथल्या वार्षिक संमेलनात त्यांनी बत्तीस वर्षं नुसता पडदा ओढला, चहा पुरवला. यंदा मात्र हट्टच धरला. "मले एक तं वाक्य दे रे रवी," म्हणाल्या. रवी म्हणजे रक्त-लघवी तपासणारा. नाटक त्याचं, हिरो तोच, आणि तोरा असा की विचारू नका.

वाक्य मिळालं. बाळंतिणीच्या खोलीतून बाहेर यायचं आणि हिरोला सांगायचं, "मूल वाचलं नाही." पुढचा अख्खा अंक त्याच दुःखाचा. एवढं नीट जमलं की खुशाल रिटायर होऊ, असं ताईंनी मनाशी धरलं होतं. पण तालमीत त्या बाहेर यायच्या आणि म्हणायच्या, "ते मी नाटकाच्या दिवशी म्हणतो, तुमचं चालू द्या." रवी नुसता वैतागायचा.

प्रयोगाला सगळं गाव लोटलं. निम्म्या बायका ताईंच्याच हातच्या बाळंतिणी. रवीनं डोळ्यांत आधीच ग्लिसरीन घालून ठेवलेलं. ताई आल्या, त्याच्या तोंडाकडे पाहिलं आणि थबकल्या. मग ठणठणीत आवाजात बोलून गेल्या, "पोरगी झाली. दोघी बी चांगल्या हायत."

झालं! रवीच्या डोळ्यांना धारा, त्या काही थांबेनात. समोर तांड्यावरची सुखीबाई बसली होती, आठच दिवसांपूर्वी नातीची आजी झालेली. ती ताडकन उठली. "पोरगी झाली म्हणून रडून राह्यला का बे?" सगळ्या बायकांनी तिची री ओढली. रवी बिचारा "आनंदाचे आसू हायत, मावशी" म्हणत स्टेजभर नाचायला लागला. दुसऱ्या अंकात त्याला धीर द्यायला म्हणून केंद्रात औषधं वाटणारे मारोतराव साधू होऊन भगवी कफनी घालून बसले होते. ते आयते बारशाला कामी आले. टाळ्या मात्र अशा पडल्या की मंडप हलला.

पडदा पडताच रवी ताईंसमोर उभा राहिला. "एकच वाक्य होतं ना ताई. काहून नाई म्हटलं?"

ताईंनी पदरानं तोंड पुसलं. "खऱ्यात म्हटलं रे ते, अकरा डाव," त्या म्हणाल्या. "दर डाव बापाचं तोंड असंच व्हाये, जसं तू करून उभा होता. नाटकात तरी वाचू दे ना एक लेकरू."