सारजा दारं धरते

रंगीत तालमीला मंचावर लाकडी दरवाजा बघितला आणि माझं डोकंच फिरलं. चांगला कडी-कोयंड्यासकट दरवाजा! त्याला दोन्ही हातांनी धरून माझ्या नाटकातली सारजा रडत होती.

"हे काय?"

"तुमच्याच संहितेत आहे, करुणाताई," पुण्याहून आणलेले दिग्दर्शक ऋषिराज म्हणाले. "'सारजा दिवसभर दारं धरते.'"

अहो, दारं धरणं म्हणजे उसाला पाणी देणं! एक सरी भरली की तिचं तोंड मातीनं बुजवायचं, पुढचीचं फोडायचं. शेळगावात शेंबड्या पोरालाही हे कळतं. हे नाटक मला सुचलंच आमच्या बौद्धवाड्यामागच्या रानात, आईला दारं धरताना बघून. तापलेल्या मातीत पाणी शिरलं की ती चुरचुरते, भेगांतून किडे पळतात, बगळे पाण्यामागं चालत येतात. सरीच्या एका टोकाला सारजा बोलते. पाणी दुसऱ्या टोकाला पोचलं की तिथून तिची जाऊ उत्तर देते. मधली शांतता मी पाण्याकडूनच घेतली होती. ती या माणसानं रटाळ म्हणून कापून टाकली होती.

मी तोंडाला येईल ते बोलले. त्यांनी ऐकून घेतलं आणि ते हसले.

"दरवाजा प्रतीक आहे, ताई. राहू दे. परीक्षकांना आवडेल."

नाटक त्याच क्षणी मागं घेतलं असतं. पण दुसऱ्या दिवशी बारामतीच्या स्पर्धेत आई ते बघायला येणार होती. आपलं काम मंचावर येणार, हे ती गावभर सांगत सुटली होती. तिच्यासाठी मी राग गिळला.

प्रयोगाला आई इरकली लुगडं नेसून पुढच्या रांगेत माझ्या शेजारी बसली. पडदा उघडला. दरवाजावर निळा उजेड पडला, सारजानं हुंदका दिला आणि परीक्षकांनीसुद्धा टाळ्या वाजवल्या. मला त्या टाळ्यांची शिसारी आली.

आई पुढं वाकून बघत होती. रान कुठं दिसेना, पाणी दिसेना. शेवटी माझ्या कानाशी लागून तिनं विचारलं, "करुणा, ती बाई आपल्यातली हाय व्हय गं?"

"का गं?"

"न्हाय, मगाधरनं तिला दारातच उबी केलीया. आत कुणीच घेईना."

मी उठले, विंगेत गेले आणि भर प्रयोगात पडदा पाडला.