चाळीसपैकी एकतीस

सत्तावनच्या निवडणुकीला पंधरा दिवस उरले होते. पहिली पाळी करून लवू डिलाईल रोडच्या चाळीत परतला आणि चहाचा कप तोंडाला लावतो तोच दारात एक चष्मेवाला तरुण उभा राहिला.

"पेपरातून आलोय. नाव काय? खोली नंबर? कुठल्या मिलमध्ये?"

सगळं लिहून झाल्यावर त्याने विचारलं, "मत कुणाला देणार?"

लवूने कप खाली ठेवला. गेल्या वर्षी संयुक्त महाराष्ट्राच्या मोर्चावर काँग्रेस सरकारने केलेल्या गोळीबारात त्याच्या धाकट्या भावाच्या, रामूच्या, मांडीत गोळी घुसली होती. इस्पितळातूनच पोलिसांनी त्याला उचललं होतं. आता सुटून आलेला रामू आत पडद्यामागे श्वास रोखून बसला होता.

"काँग्रेसला," लवू म्हणाला.

चार दिवसांनी शेजारच्या दौलतने गॅलरीत पेपर मोठ्याने वाचला. "डिलाईल रोडवर चाळीसपैकी एकतीस मतदार काँग्रेसच्या बाजूने."

"एकतीस फितूर!" कोंडीराम ओरडला. "नावं काढा एकेकाची!"

लवू घरात शिरला. आता पोलिसांबरोबर शेजाऱ्यांचीही भीती. पुढ्यातला भात तसाच राहिला.

"तुमी काय सांगलात त्याका?" बायकोने, सुंदराने, हळूच विचारलं. त्याने मान खाली घातली. मग उठून गॅलरीत गेला.

"त्यातला एक मी," तो म्हणाला.

कोंडीरामने मूठ आवळली. तेवढ्यात टोकाच्या खोलीतली कमलाबाई म्हणाली, "मीपण तेच सांगितलं. आधी नंबर लिहून घेतला त्याने. मी बाई एकटी."

"मीपण," दौलत पुटपुटला. पेपर पुन्हा डोळ्यांपुढे धरून तो विचार करू लागला. "नाव लिहून घेतल्यावर खरं कोण बोलेल? रात्रपाळीवाले दाराला कडी लावून झोपलेले, त्यांना विचारलंच नाही. आणि चाळीस दारं आपल्याच चाळीतली. त्यांना हा पेपर अख्खा डिलाईल रोड म्हणतो!"

कोंडीराम कठड्याला टेकला. "मीपण रे," तो शेवटी म्हणाला.

मतदानाच्या दिवशी शाळेच्या वर्गात, पडद्याआड, लवू उमेदवारांच्या वेगवेगळ्या मतपेट्यांपुढे उभा राहिला. पडद्याखाली कुणाचे बूट दिसतात का ते त्याने दोनदा वाकून पाहिलं. मग संयुक्त महाराष्ट्र समितीच्या पेटीत चिठ्ठी ढकलली आणि बाहेर येऊन पायरीवर मटकन बसला.

समितीचा उमेदवार निवडून आला. खाली गुलाल उडत होता, तरी सुंदराने दोन दिवस रामूला जिना उतरू दिला नाही.